माहिती चौकट : परभणीच्या शिवारातल्या मधमाश्या

आग्या : उंच झाडावर किंवा इमारतीला एकच मोठं, उघडं पोळं. चिडली तर जिवावर बेतते. पेटीत राहत नाही.

फुलोरी : आकाराने लहान, झुडपाच्या फांदीवर तळहाताएवढं पोळं. हीदेखील पेटीत पाळता येत नाही.

सातेरी : झाडाच्या ढोलीत एकाशेजारी एक समांतर पोळी बांधते, म्हणून लाकडी पेटीत रमते.

मेलिफेरा : युरोपीय जात. मध जास्त देते, पण फुलोरा संपला की पेट्या दुसऱ्या शिवारात हलवाव्या लागतात.

चारा : तूर, करडई, सूर्यफूल, बांधावरचे कडुनिंब आणि बाभूळ. सूर्यफुलात दाणे भरण्यासाठी मधमाशीचा मोठा आधार असतो.

पोळं कसं काढावं : जाळून, पिळून मध काढला तर अंडी-अळ्यांसह वसाहतच संपते. फक्त मधाचा भाग कापून पिलावा (अंडी-अळ्यांचा भाग) जागेवर ठेवला, तर माश्या पुन्हा मध साठवू शकतात.

फवारणी : पीक फुलोऱ्यात असताना कीटकनाशक टाळावं. अगदीच गरज पडली तर माश्या घरी परतल्यावर, संध्याकाळी फवारावं आणि पेटीवाल्या शेजाऱ्याला आधी कळवावं.

कुठे विचारावं : परभणीचं वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठ (स्थापना १९७२), प्रशिक्षणासाठी खादी व ग्रामोद्योग मंडळाचं महाबळेश्वर इथलं मध संचालनालय. त्याच तालुक्यातलं मांघर २०२२ मध्ये देशातलं पहिलं ‘मधाचं गाव’ ठरलं.

बांधावरचं प्रत्येक झाड राखणं, हीच मधपाळाची पहिली गुंतवणूक.