भिंतीवरील पट्टीदिवे सुटतात का व टिकतात कसे

विदर्भातील प्राथमिक शाळा जूनच्या अखेरीस उघडतात आणि थोड्याच दिवसांत वऱ्हाडात पावसाची झड लागते. वाऱ्याबरोबर आत येणारे पाणी थोपविण्यासाठी खिडक्या लावून घ्याव्या लागतात, आभाळ भरलेले असते, आणि भर दुपारी वर्गात तिन्हीसांजेसारखा अंधार पडतो. अशा दिवशी मागच्या ओळीतील मुलास फळ्यावरील अनुस्वार दिसत नाही. ‘प’ आणि ‘ष’ यांतील भेद कळत नाही. मूल चुकीचे उतरवून घेते, आणि ती चूक उजेडाची न समजता त्याच्या बुद्धीची समजली जाते.

हा अंधार थोड्या खर्चात दूर करण्याचे एक साधन म्हणजे पाठीला गोंद असलेली एलईडी दिव्यांची पट्टी. तालुक्याच्या बाजारात ती सहज मिळते व फळ्याच्या वरच्या अंगास लावल्यास फळा चांगला उजळतो. परंतु अनेक ठिकाणी असे घडते की, हौसेने लावलेली पट्टी महिना-दोन महिन्यांत एका टोकाने सुटते, लोंबू लागते व अखेर गुंडाळून कपाटात जाते. ‘माल हलका निघाला’ असे म्हणून विषय संपविला जातो. वास्तविक पुष्कळ वेळा दोष मालाचा नसून भिंतीच्या तयारीचा असतो. तो कसा ओळखावा व कसा टाळावा, याचा येथे विचार करावयाचा आहे.

पट्टीची रचना

बाजारात सर्वसाधारणपणे मिळणारी पट्टी ५ मीटर लांबीची असून १२ व्होल्ट दाबाच्या विजेवर चालते. तिच्यावर मीटरमागे बहुधा ६० बारीक दिवे असतात. लहान दिव्यांची अशी पट्टी मीटरमागे सुमारे ४.८ वॅट, म्हणजे सबंध गुंडाळीस सुमारे २४ वॅट वीज घेते. दर तीन दिव्यांनंतर कापण्याची खूण असते. तेथेच ती कापावी, अन्यत्र कापल्यास तो तुकडा पेटत नाही.

या दिव्यांचा पांढरा उजेड मुळात निळा असतो. निळ्या दिव्यावर पिवळा प्रकाश देणाऱ्या द्रव्याचा लेप असतो व दोहोंच्या मिश्रणाने डोळ्यास पांढरेपणा भासतो. हा निळा दिवा सिद्ध केल्याबद्दल आकासाकी, आमानो व नाकामुरा या तिघांना २०१४ साली पदार्थविज्ञानाचे नोबेल पारितोषिक मिळाले. हा दिवा जुन्या तारेच्या दिव्याइतका तापत नाही, पण मुळीच तापत नाही असेही नाही. त्याची ऊब पट्टीच्या पाठीतून, म्हणजेच गोंदातून, भिंतीकडे जाते. ही गोष्ट पुढील विवेचनासाठी ध्यानात ठेवावी.

गोंद कशाला चिकटतो

पट्टीच्या पाठीवरील गोंद हा डिंकासारखा वाळून घट्ट होणारा नव्हे. तो दाबाने चिकटणारा गोंद आहे. अशा गोंदाची चिकटपट्टी रिचर्ड ड्रू याने अमेरिकेत १९२५ च्या सुमारास रंगाऱ्यांसाठी तयार केली, व १९३० मध्ये पारदर्शक पट्टी विक्रीस आली. हा गोंद कायम मऊ राहतो. दाब दिला असता तो अतिशय दाट काकवीप्रमाणे हळूहळू पसरून पृष्ठभागाच्या बारीक खळग्यांत शिरतो. म्हणून त्यास दाब हवा आणि वेळही हवा. साधारण उष्णतामानात पहिल्या वीस मिनिटांत त्याची निम्मी, एका दिवसात नऊ-दशांश आणि ७२ तासांत पूर्ण पकड येते. लावताक्षणी ओढून पाहणारा मनुष्य कच्च्या पिकाची परीक्षा करीत असतो.

या विषयातील मुख्य तत्त्व एकच आहे. गोंद भिंतीला चिकटत नाही. भिंतीवर जो शेवटचा थर असेल त्याला चिकटतो. तो थर भिंतीला जितका घट्ट, तितकीच पट्टी घट्ट.

दुसरे तत्त्व ओढीसंबंधी आहे. चिकटलेली पट्टी सबंधच्या सबंध सरकविणे फार कठीण असते, परंतु एका टोकाशी नखाने उचलून सोलणे सोपे असते. कारण सोलताना सारा जोर एका बारीक रेषेवर येतो. पट्टी स्वतः वजनाने अगदी हलकी असते. ती स्वतःच्या भाराने सहसा पडत नाही. टोकाला लोंबणारी वायर तिला रात्रंदिवस सोलीत असते, म्हणून पडते.

वऱ्हाडातील भिंती

अमरावती व अकोला जिल्ह्यांतील शाळांच्या भिंती या गोंदाची चार प्रकारे परीक्षा पाहतात.

पहिली परीक्षा चुन्याच्या सफेदीची. कळीचा चुना पाण्यात विरवून भिंतीस लावला की तो हवेतील कार्बन डाय-ऑक्साइड शोषून घेतो व त्याचा खडूसारखा थर बनतो. या थराचा वरचा भाग भुकटीसारखा सुटा राहतो; भिंतीला खांदा टेकताच सदरा पांढरा होतो तो यामुळेच. गोंद या भुकटीला उत्तम चिकटतो, पण भुकटीच भिंत सोडते. फळ्याच्या वरच्या बाजूस तर त्यात पुसलेल्या खडूच्या धुळीचीही भर पडते.

दुसरी परीक्षा उन्हाची. मे महिन्यात अकोल्याचा पारा ४५ अंशांच्या वर जातो. पश्चिमेची भिंत आणि टिनाच्या छताजवळचा भाग त्याहूनही अधिक तापतो. त्यात पेटलेल्या दिव्यांची ऊब मिळाली की गोंद नरम पडून हळूहळू घसरू लागतो.

तिसरी परीक्षा ओलीची. झडीच्या दिवसांत सच्छिद्र भिंत पाणी धरून ठेवते. ओल्या पृष्ठभागावर गोंद आणि भिंत यांच्यामध्ये पाण्याचा पापुद्रा येतो व पकड बसतच नाही. चिखलदऱ्यासारख्या सुमारे १,१०० मीटर उंचीवरील ठिकाणी पावसाळाभर धुके असते. तेथे हा त्रास अधिक.

चौथी परीक्षा क्षारांची. पूर्णा नदीच्या खोऱ्यात अमरावती, अकोला व बुलढाणा या जिल्ह्यांतून खारपाणपट्टा पसरला आहे. दर्यापूर, अकोट, मूर्तिजापूर या तालुक्यांतील अनेक गावे त्यात येतात. तेथे जमिनीतील खारी ओल केशाकर्षणाने भिंतीत चढते, पाणी उडून जाते व क्षाराचे कण पृष्ठभागाशी राहून फुगतात. यालाच भिंतीला लोणा लागणे म्हणतात. लोणा लागलेल्या भागावर गोंदच काय, तैलरंगही टिकत नाही. त्याचे फोड येऊन पापुद्रे सुटतात. हा उपद्रव बहुधा भिंतीच्या खालच्या भागात असतो, म्हणून पट्टीसाठी वरची, कोरडी जागा निवडावी.

पडलेली पट्टी काय सांगते

पट्टी पडल्यास ती फेकण्यापूर्वी तिची पाठ उजेडात धरून पाहावी. तिच्यावर कारण लिहिलेले असते.

पाठीवर पांढरी भुकटी असेल, तर गोंदाने आपले काम केले, सफेदीने केले नाही. पाठ स्वच्छ व अजून चिकट असेल, तर लावताना भिंत ओली किंवा तेलकट होती, अथवा दाब कमी पडला. गोंद भिंतीवर राहून पट्टी कोरी निघाली असेल किंवा गोंदाचे तार ओढलेले दिसत असतील, तर उष्णतेने गोंद नरम झाला, असे बहुधा समजावे. आणि केवळ वायरीकडचे टोक सुटून बाकीची पट्टी शाबूत असेल, तर दोष ओढीचा. निदान झाले की उपाय आपोआप सुचतो. निदान न करता त्याच जागी नवी पट्टी लावणे म्हणजे फुटक्या रांजणात पुन्हा पाणी भरणे होय.

बसविण्याची रीत

सर्वांत खात्रीचा मार्ग असा की, पट्टी भिंतीला चिकटवूच नये. रंधा मारून तैलरंग दिलेली लाकडी पट्टी किंवा ॲल्युमिनियमची पन्हळी घ्यावी. भिंतीत छिद्रे पाडून, प्लॅस्टिकच्या गुल्ल्या बसवून ती स्क्रूने आवळावी. आणि दिव्यांची पट्टी तिच्यावर चिकटवावी. गोंदाला गुळगुळीत जागा मिळते व भार स्क्रूवर जातो. ॲल्युमिनियम ऊब शोषून पसरवीत असल्याने गोंद व दिवे दोन्ही अधिक टिकतात. हा आधार फळ्यापासून वीतभर पुढे काढून त्याच्या पुढील कडेस आडोसा दिल्यास उजेड फळ्यावर पडतो, मुलांच्या डोळ्यांवर पडत नाही. मेळघाटात जेथे कुडामातीच्या भिंतींत अभ्यासिका भरते, तेथे भिंत सोडून लाकडी खांबाला वा आड्याला असा आधार बांधणे हाच योग्य उपाय आहे.

भिंतीवरच लावणे भाग असल्यास पुढील क्रम पाळावा.

१. ऑक्टोबर ते फेब्रुवारी या कोरड्या काळातील दिवस निवडावा. भिंत २१ ते ३८ अंश उष्णतामानाची असावी. मेमधील तापलेली व जुलैमधील ओली भिंत टाळावी.

२. चार बोटे रुंदीचा पट्टा आखून तेवढ्यापुरती सफेदी पत्र्याने खरवडावी, पॉलिशपेपरने घासावी व कोरड्या ब्रशने झटकावी. गाडगेबाबांनी जेथे खराटा हाती घेतला, त्या जिल्ह्यातील शिक्षकांस झाडण्याचे महत्त्व सांगावयास नको. येथे झाडणे हेच निम्मे काम आहे.

३. त्या पट्ट्यावर प्रायमर व तैलरंगाचे दोन हात द्यावे आणि आठवडाभर वाळू द्यावे.

४. तळवा घासून पाहावा. तो पांढरा होता कामा नये. नंतर साध्या चिकटपट्टीचा तुकडा लावून ओढावा. त्यावर भुकटी वा रंग आल्यास पुन्हा दुसऱ्या पायरीपासून आरंभ करावा.

५. जागा स्पिरिटच्या फडक्याने पुसून वाळवावी. रॉकेल वापरू नये. त्याचा तेलकट अंश मागे राहतो.

६. पाठीवरील कागद एका वेळी वीतभरच काढावा. गोंदाला बोट लावू नये. पट्टी न ताणता ठेवून दोन दिव्यांमधील जागा फडक्याने दाबीत जावे. दिव्यांवर जोर देऊ नये. कोपऱ्यात पट्टीची घडी घालू नये.

७. दर अर्ध्या मीटरवर व दोन्ही टोकांस प्लॅस्टिकची क्लिप स्क्रूने बसवावी. खिळा पट्टीतून ठोकू नये. आतील तांब्याच्या वाटा जुळून शॉर्ट होतो. वायर वेगळ्या क्लिपांनी भिंतीला बांधावी, जेणेकरून तिची ओढ पट्टीवर येणार नाही.

८. तीन दिवस तिला हात लावू नये.

एकदा धूळ बसलेला गोंद पुन्हा धरीत नाही. जुनी पट्टी लावताना तो काढून नवी दुहेरी चिकटपट्टी वापरावी. झटपट चिकटणारे गोंद कडक होऊन तडकतात, म्हणून ते येथे उपयोगाचे नाहीत.

विजेची दक्षता

१२ व्होल्टच्या पट्टीला स्पर्श झाल्याने सहसा धोका नसतो. धोका असतो तो तिला वीज पुरविणाऱ्या अडॉप्टरपाशी, कारण त्यात २३० व्होल्टची वीज येते. अडॉप्टर मुलांच्या हाताच्या वर, कोरड्या जागी, स्क्रूने पक्का बसवावा. तो चिकटपट्टीवर कधीही सोपवू नये. त्याची क्षमता पट्टीच्या गरजेपेक्षा चतुर्थांशाने अधिक असावी. २४ वॅटच्या पट्टीस ३० वॅटचा अडॉप्टर योग्य. गुंडाळी न उलगडता दिवे लावून ठेवू नयेत. ऊब आत कोंडून पट्टी जळते.

सणासुदीला लावतात ती जाड प्लॅस्टिकच्या आवरणातील पट्टी बहुधा थेट २३० व्होल्टवर चालते. ती दिसावयास सारखीच असली तरी वर्गात लावू नये. सुटून लोंबलेली अशी पट्टी एखाद्या मुलाने ओढली व तिचे आवरण फाटले, तर परिणाम जीवघेणा होऊ शकतो. खरेदीच्या वेळीच व्होल्टचा आकडा वाचून घ्यावा. नवीन पॉइंट काढणे किंवा बोर्ड उघडणे हे काम परवानाधारक तारतंत्र्याचे आहे, शिक्षकाचे वा मोठ्या विद्यार्थ्याचे नव्हे.

वर्गातील पाठ

या विषयातून परिसर-अभ्यासाचा एक चांगला पाठ निघतो व त्यास खर्च जवळजवळ नाही. साध्या चिकटपट्टीचे सारख्या लांबीचे चार तुकडे मुलांनी पाटी, पत्र्याची पेटी, तैलरंग दिलेली भिंत व सफेदीची भिंत यांवर सारख्या दाबाने लावावे. दुसऱ्या दिवशी ते काढून प्रत्येकाची पाठ पाहावी व काय आढळले ते वहीत लिहावे. हाच प्रयोग एकदा उन्हाळ्यात व एकदा पावसाळ्यात केला म्हणजे उष्णता, ओल व सच्छिद्रता या कल्पना मुलांच्या हाताखालून जातात. भिंतीवरील अंकपट्ट्या व मुळाक्षरांचे तक्ते का गळतात, हेही त्यांना तेव्हाच उमगते.

दिव्याची पट्टी ही क्षुल्लक वस्तू आहे. परंतु झडीच्या दिवशी मागच्या ओळीतील मुलास फळ्यावरील अनुस्वार दिसला, तर त्याने चुकीचे लिहिण्याचे एक कारण कमी झाले. त्यासाठी पुढील दिवाळीच्या सुट्टीपूर्वी प्रत्येक शिक्षकाने आपल्या वर्गाच्या भिंतीवर एकदा तळवा घासून पाहावा.