आगीला पुरून उरणारा खुबा

दहन संपतं, भट्टी थोडी निवते आणि दाहिनीवरचा कर्मचारी लांब दांड्याच्या दाताळ्याने उरलंसुरलं पुढे ओढून घेतो. युरोपातल्या दाहिनीत तेव्हा तीन गोष्टी हाती लागतात: पांढरीफटक ठिसूळ हाडं, शवपेटीचे खिळे आणि बऱ्याचदा वीतभर लांबीचा, खाली निमुळता होत गेलेला धातूचा दांडा. दांड्याच्या माथ्यावर गोळा असतो. रंग थोडा निळसर-करडा झालेला, पण आकार शाबूत. हा कुणाचा तरी खुबा असतो. पंधरा-वीस वर्षं त्यावर एक माणूस चालला, जिने चढला, बसला-उठला.

तो जळत नाही याचं कारण साधं आहे. दाहिनीतलं तापमान साधारण ८०० ते १००० अंश सेल्सिअस असतं. शस्त्रक्रियेत वापरलं जाणारं स्टेनलेस स्टील आणि कोबाल्ट-क्रोमचा मिश्रधातू वितळायला १३०० अंशांच्या वर जावं लागतं. टायटॅनियमला तर १६६८ अंश लागतात. लाकडाची चिता असो की विजेची दाहिनी, तिथवर कुणीच पोचत नाही. जळून जातं ते धातूच्या सोबतीचं सामान: सांध्याच्या वाटीतलं पॉलिथिलीनचं अस्तर आणि दांडा हाडात घट्ट बसवायला वापरलेलं अॅक्रिलिक सिमेंट.

पाश्चात्त्य दाहिनीत हाडं नातेवाइकांना तशीच देत नाहीत. ती एका यंत्रात दळून त्यांची पूड करतात आणि ती पूड कलशात भरतात. यंत्रात खुबा गेला तर यंत्रच मोडायचं, म्हणून त्याआधी धातू वेगळा काढावा लागतो. खिळे चुंबकाला चिकटतात. टायटॅनियम, कोबाल्ट-क्रोम आणि शस्त्रक्रियेतलं स्टील मात्र चुंबकाला दाद देत नाही, ते हातानेच वेचावं लागतं. वेचलेल्या धातूचं करायचं काय, याचं ब्रिटनमधलं जुनं उत्तर होतं दाहिनीच्याच आवारात खड्डा खणून पुरणं. सांधेरोपणं वाढली तसे खड्डेही वाढत गेले.

नेदरलँड्समध्ये हा प्रश्न धसास लावला दोघांनी. यान गाब्रिएल्स हे अस्थिशल्यचिकित्सक, म्हणजे हे सांधे बसवणारे. रूड व्हर्बर्ने हे धातू-पुनर्वापराच्या धंद्यातले. दोघांनी १९९७ मध्ये ‘ऑर्थोमेटल्स’ ही कंपनी काढली. पुढे ती युरोपाबाहेरही पोचली आणि आज अनेक देशांतल्या दाहिन्यांकडून शेकडो टन धातू गोळा करते. कामाची पद्धत भंगारवाल्याच्या धंद्यापेक्षा फार वेगळी नाही, शिस्त मात्र कडक आहे. दाहिनीत पिंपं ठेवली जातात, भरली की कंपनीची गाडी ती उचलते. कारखान्यात आधी शवपेटीच्या कड्या आणि खिळे बाजूला काढतात. मग गुडघे, खुबे, मणक्याचे स्क्रू, मोडलेल्या हाडाला लावलेल्या पट्ट्या धातूनुसार वेगळ्या होतात. पाच खुबे मिळून साधारण किलोभर धातू भरतो.

वेगवेगळा केलेला धातू वितळवणाऱ्या कारखान्यांकडे जातो आणि त्यातून मोटारींचे, विमानांचे सुटे भाग होतात. कोबाल्ट तर जेट इंजिनालाही लागतं आणि जगातलं बहुतेक कोबाल्ट काँगोच्या खाणींतून येतं, त्यामुळे या पिंपांतल्या मालाला चांगला भाव असतो. खुब्याचा पुन्हा खुबा मात्र होत नाही. तापून थंड झालेल्या धातूची ताकद आणि पृष्ठभाग यांची खात्री कुणी देऊ शकत नाही. म्हणून वितळवण्याआधी एकही भाग बाहेर जाऊ नये, यावर कटाक्ष असतो.

या धंद्यातला खरा अवघड भाग भट्टीचा नाही, हक्काचा आहे. गुडघ्यासाठी रुग्णाने किंवा विम्याने पैसे मोजलेले असतात. माणूस गेला की तो गुडघा कुणाचा? मुलांचा, रुग्णालयाचा, दाहिनीचा, की राखेचाच एक भाग? जर्मनीत हा वाद सर्वोच्च फौजदारी न्यायालयापर्यंत गेला. हॅम्बुर्गच्या दाहिनीतले कर्मचारी राखेतलं दातांचं सोनं काढून विकत होते. २०१५ मध्ये न्यायालयाने ठरवलं की देहाशी जोडलेलं आणि दहनानंतर उरलेलं सगळंच ‘राख’ आहे. दातांचं सोनंही त्यात येतं, आणि ते उचलणं म्हणजे मृताच्या शांततेचा भंग. जपानमध्ये याच्या उलट चालतं. तिथे नातेवाईक काड्यांनी हाडं उचलून कलशात ठेवतात. मागे राहिलेल्या राखेतले सोनं-पॅलेडियमसारखे मौल्यवान धातू योकोहामा, नागोया यांसारखी शहरं विकतात आणि पैसा पालिकेच्या तिजोरीत जमा होतो.

ब्रिटनने मधला मार्ग काढला. स्मशानभूमी आणि दाहिनी चालवणाऱ्यांच्या व्यावसायिक संस्थेने ऑर्थोमेटल्सच्या साथीने धातू गोळा करायची योजना सुरू केली. त्यात दोन अटी आहेत. पहिली, दहनाच्या अर्जावरच नातेवाइकांची संमती घ्यायची. धातू परत हवा असेल तर तसं तिथेच सांगायचं. दुसरी, विक्रीचा खर्च वजा जाता उरलेला पैसा सेवाभावी संस्थांना द्यायचा, त्यातही शोकग्रस्तांना आधार देणाऱ्या आणि मरणासन्न रुग्णांची शुश्रूषा करणाऱ्या संस्थांना. वडिलांच्या खुब्यातून कुणाला नफा झाला, ही बोच त्यामुळे मनात उरत नाही. महत्त्वाचं म्हणजे प्रश्न भट्टी पेटायच्या आधी विचारला जातो.

‘आधी’ला इतकं महत्त्व का, हे या क्षेत्राच्या इतिहासातच दिसतं. आधुनिक खुबारोपणाचे जनक मानले जाणारे जॉन चार्नली इंग्लंडमधल्या राइटिंग्टन रुग्णालयात काम करत. त्यांनी सुरुवातीला वाटीसाठी टेफ्लॉन वापरलं. ते दोन-तीन वर्षांत झिजलं आणि शेकडो रुग्णांवर पुन्हा शस्त्रक्रिया करावी लागली. १९६२ पासून त्यांनी पॉलिथिलीन वापरलं आणि मग काही कुणाच्या बोलण्यावर विश्वास ठेवला नाही. रुग्णांनाच ते विचारत: तुम्ही गेल्यावर तुमचा खुबा मला परत द्याल का? बहुतेकांनी होकार दिला. वर्षानुवर्षं वापरलेल्या त्या वाट्यांची झीज मोजली गेली आणि त्यातून पुढचे सांधे सुधारत गेले. हा पुरावा दहनानंतर मिळालाच नसता. धातूचा दांडा आगीत टिकतो, पण खरी गोष्ट सांगणारी प्लास्टिकची वाटी जळून जाते.

पेसमेकरचं गणित आणखी वेगळं आहे. तो आगीत टिकत नाही, फुटतो. टायटॅनियमच्या बंद डबीत लिथियमची बॅटरी असते. तापली की आत वायूचा दाब वाढतो आणि स्फोट होतो. १९७६ मध्ये ब्रिटनमधल्या सॉलिहल इथे असा पहिला स्फोट नोंदवला गेला. २००२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका पाहणीत ब्रिटनमधल्या जवळपास निम्म्या दाहिन्यांनी असा स्फोट अनुभवल्याचं सांगितलं. भट्टीची वीट फुटते, दार वाकतं, कर्मचारी जखमी होऊ शकतो. म्हणून दहनाआधी पेसमेकर काढणं तिथे बंधनकारक आहे. काम छोटंसं असतं: गळपट्टीच्या हाडाखाली चीर द्यायची, तारा कापायच्या, डबी बाहेर काढायची. आपोआप झटका देणारं डिफिब्रिलेटर असेल तर मात्र ते आधी बंद करावं लागतं, नाहीतर काढणाऱ्यालाच झटका बसू शकतो.

काढलेली डबी वाया जात नाही, हे मुंबईने दाखवून दिलं आहे. अमेरिकेत मृतांच्या नातेवाइकांच्या संमतीने काढलेले पेसमेकर, बॅटरीचं पुरेसं आयुष्य शिल्लक आहे याची खात्री करून, साफ आणि निर्जंतुक करून वांद्र्याच्या होली फॅमिली रुग्णालयात आले. नवा पेसमेकर ज्यांना परवडणारा नव्हता अशा ५३ रुग्णांना ते बसवले. त्यांचा अहवाल २०११ मध्ये अमेरिकेतल्या हृदयरोगविषयक नियतकालिकात आला: संसर्ग नाही, यंत्राचा बिघाड नाही. पुढच्याच वर्षी याच रुग्णालयातल्या डॉ. यश लोखंडवाला आणि सहकाऱ्यांनी वापरलेल्या डिफिब्रिलेटरचा अनुभव मांडला. गरज पडली तेव्हा जुन्या यंत्रांनी झटका देऊन रुग्णांचे प्राण वाचवले होते. कंपनीचं लेबल ‘एकदाच वापरा’ म्हणतं, म्हणून ही वाट अजून प्रयोगापुरतीच आहे. पण मिशिगन विद्यापीठाचा ‘माय हार्ट युवर हार्ट’ उपक्रम आफ्रिका आणि लॅटिन अमेरिकेतल्या देशांत याच दिशेने काम करतो आहे.

आपल्याकडे अस्थी दळत नाहीत, सावडतात. युरोपात जो खुबा फक्त कर्मचाऱ्याच्या नजरेस पडतो, तो इथे तिसऱ्या दिवशी थेट मुलाच्या हाती येतो. राखेत हात फिरवताना गुडघ्याचा सांधा, मांडीतला रॉड, मणक्याचे स्क्रू बोटांना लागतात आणि सगळे एकमेकांकडे बघत राहतात. कुणी तो धातू अस्थिकलशात घालून नाशिकच्या रामकुंडात किंवा नदीत सोडतं, कुणी तिथेच ठेवून येतं. अस्थींचं पाणी होतं अशी रामकुंडाबद्दल श्रद्धा आहे, पण टायटॅनियम तिथे कधीच विरघळणार नाही. ते नदीच्या तळाशीच राहतं.

गुडघा बदलणं आता गावोगावी ओळखीचं झालं आहे. २०१७ मध्ये केंद्राने गुडघ्याच्या सांध्याच्या किमतीवर मर्यादा आणली आणि मध्यमवर्गाला तो अधिक आवाक्यात आला. पुढच्या वीस-तीस वर्षांत सावडण्याच्या वेळी धातू सापडणं नेहमीचं होईल. त्यासाठी मोठा कारखाना उभारायची गरज नाही. स्मशानभूमीच्या पावती-अर्जावर दोन ओळी वाढवल्या तरी पुष्कळ होईल: देहात पेसमेकर आहे का, आणि उरलेला धातू पालिकेकडे द्यायला हरकत आहे का? त्याची रक्कम धर्मादाय कामाला जाईल असं खाली छापलं तर बहुतेक जण सही करतील.

तोवर घरच्या घरी करण्यासारखंही काही आहे. शस्त्रक्रियेनंतर रुग्णालयाच्या फाइलमध्ये सांध्याचा स्टिकर चिकटवलेला असतो, पेसमेकरबरोबर छोटं कार्ड मिळतं. ते कपाटात कुठे आहे, हे घरात एकापेक्षा जास्त माणसांना माहीत असावं. पेसमेकर असेल तर मृत्यूनंतर डॉक्टरांना आणि स्मशानातल्या माणसाला ते सांगणं ऐच्छिक नाही. भट्टीपाशी उभ्या असलेल्या माणसाची सुरक्षितता त्यावर अवलंबून आहे. बाकीच्या धातूचं काय करायचं, हे ठरवायला सावडण्याच्या दिवसाची वाट पाहू नये. त्या दिवशी घरचे काहीही ठरवण्याच्या मनःस्थितीत नसतात. ते ठरवण्याचा पहिला अधिकार, आणि सगळ्यात शांत डोकंही, तो सांधा आज वापरणाऱ्या माणसाकडेच असतं.