फ्रिजमधल्या वायूचा माग : वीरभद्रन रामनाथन

हवामानशास्त्रज्ञ वीरभद्रन रामनाथन यांनी १९६५ मध्ये अण्णामलई विद्यापीठातून अभियांत्रिकीची पदवी घेतली आणि सिकंदराबादला शीतकरण उद्योगात नोकरी धरली. फ्रिजमधला शीतक वायू गळतो का आणि कसा, हे शोधणे त्यांचे काम होते. पुढे बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेत शिकून ते अमेरिकेला गेले. तिथे त्यांनी ग्रहांच्या वातावरणावर पीएचडी केली.

सिकंदराबादचा वायू त्यांना पुन्हा भेटला तो १९७५ मध्ये. क्लोरोफ्लुरोकार्बनचा एक रेणू उष्णता अडवण्यात कार्बन डायऑक्साइडच्या सुमारे दहा हजार रेणूंना भारी ठरतो, असे त्यांनी ‘सायन्स’ नियतकालिकात दाखवले. तोवर तापमानवाढीचा हिशेब मुख्यतः कार्बन डायऑक्साइडपुरता होता. आता त्यात इतर वायूही धरणे भाग पडले. वाढ २००० पर्यंत मोजमापांत दिसू लागेल, हा रोलंड मॅडन यांच्यासह १९८० मध्ये केलेला अंदाज खरा ठरला.

१९९० नंतर सॅन दिएगोच्या स्क्रिप्स संस्थेत असताना त्यांचे लक्ष वायूंवरून कणांकडे वळले. पॉल क्रुट्झन यांच्यासह त्यांनी हिंदी महासागर प्रयोगाचे नेतृत्व केले. १९९९ च्या जानेवारी ते मार्च या काळात मालदीवच्या तळावरून विमाने, जहाजे आणि उपग्रहांनी मोजमापे घेतली. दक्षिण आशियावरून समुद्रावर पसरलेला धुरकट थर सुमारे तीन किलोमीटर जाडीचा निघाला. तो ऊन अडवून जमीन-समुद्राचा पृष्ठभाग थंड ठेवतो, पण त्यातली काजळी ऊन शोषून हवा तापवते.

या थराचे ‘एशियन ब्राउन क्लाउड’ हे नाव २००२ मध्ये गाजले आणि वादही पेटला. मूळच्या पुण्याच्या मान्सूनतज्ज्ञ सुलोचना गाडगीळ आणि जे. श्रीनिवासन यांनी ‘करंट सायन्स’मध्ये या ढगाविषयीच्या दाव्यांतले तथ्य कोणते आणि कल्पना कोणती, याची झाडाझडती घेतली. पुढे नावातला ‘एशियन’ जाऊन ‘अ‍ॅटमॉस्फेरिक’ आला.

धोरणाचा मुद्दा या काजळीतूनच निघाला. कार्बन डायऑक्साइडचा परिणाम शतकानुशतके टिकतो. काजळी काही दिवसांत किंवा आठवड्यांत खाली बसते, मिथेन साधारण दशकभरात विरतो. म्हणजे हे प्रदूषक रोखले, तर तापमानवाढीचा वेग लवकर मंदावतो. अल्पायुषी प्रदूषकांसाठी २०१२ मध्ये सहा देश आणि संयुक्त राष्ट्रांचा पर्यावरण कार्यक्रम यांची आघाडी उभी राहिली. ‘सूर्या’ प्रकल्पाद्वारे रामनाथन यांनी हाच विचार उत्तर प्रदेशातल्या गावांत चुलीपर्यंत नेला. कमी धुराच्या चुली देऊन फरक मोजला.

२००४ पासून ते पोपच्या विज्ञान अकादमीचे सदस्य आहेत. २०१४ मध्ये पोप फ्रान्सिस यांच्याशी व्हॅटिकनच्या वाहनतळावर झालेल्या ओझरत्या भेटीत त्यांनी थोडक्यात सांगितले : प्रदूषण मुख्यतः श्रीमंतांचे, सर्वाधिक झळ गरिबांना. पोपचे पर्यावरणविषयक परिपत्रक पुढच्याच वर्षी आले.

ओझोन वाचवण्यासाठी क्लोरोफ्लुरोकार्बनच्या जागी आणलेले हायड्रोफ्लुरोकार्बनही उष्णता अडवणारेच निघाले. त्यांचा वापर टप्प्याटप्प्याने घटवण्याचा करार ऑक्टोबर २०१६ मध्ये किगालीत झाला. शीतक वायूची गळती ही आता कारखान्यापुरती बाब राहिलेली नव्हती.