हारून फारोकी : कारखान्याच्या फाटकापासून कामापर्यंत

माणसाच्या जागेपणाचा मोठा भाग ज्या कामात जातो, ते काम पडद्यावर मात्र क्वचितच दिसते. या विसंगतीचा सर्वांत चिकाटीने शोध घेणाऱ्यांत जर्मन चित्रपटकार व दृश्यकलावंत हारून फारोकी (१९४४–२०१४) यांची गणना करावी लागते. भारतीय वडील आणि जर्मन आई यांच्या पोटी जन्मलेल्या फारोकींचे बालपण काही काळ भारतात व इंडोनेशियात गेले, तर चित्रपटाचे शिक्षण १९६६पासून बर्लिनमध्ये झाले.

त्यांच्या विचाराचे मूळ १८९५ साली ल्युमिएर बंधूंनी लियॉन येथे टिपलेल्या, जेमतेम पाऊण मिनिटाच्या चित्रफितीत आहे. कारखाना सुटताना फाटकातून बाहेर पडणारे कामगार एवढाच तिचा विषय आहे. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात झालेल्या भारतातील चित्रपटाच्या पहिल्या खेळातही ती दाखवण्यात आली होती. म्हणजे गिरण्यांच्या या शहराला पडद्यावर दिसलेल्या पहिल्या माणसांत काम संपवून निघालेले कामगार होते. फारोकींनी १९९५ साली ‘कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार’ या अर्थाच्या शीर्षकाचा ३६ मिनिटांचा निबंधपट केला. निबंधपट म्हणजे कथेऐवजी विचाराच्या सूत्राने दृश्ये जोडणारा चित्रपट. शंभर वर्षांतील अशी फाटकावरची दृश्ये एकत्र लावून त्यांनी दाखवून दिले, की बहुतेक चित्रपटांची गोष्ट काम संपल्यावर सुरू होते आणि कॅमेरा फाटकाच्या आत सहसा जात नाही; शिवाय फाटकात क्षणभर एक समूह म्हणून दिसणारे कामगार पुढच्याच क्षणी आपापल्या वाटांनी पांगतात.

फाटकाच्या आत जाण्याचा त्यांचा सर्वांत समृद्ध प्रयत्न म्हणजे २००९चा, विटांविषयीचा ‘इन कम्पॅरिझन’ हा चित्रपट. बुर्किना फासोत गावकरी मिळून माती मळतात, भारतात हातांनी विटा थापून भट्टीत भाजल्या जातात, युरोपात यंत्रे तेच काम करतात आणि स्वित्झर्लंडमध्ये यंत्रमानव वीट रचतो. ही सारी दृश्ये निवेदनाशिवाय, केवळ मोजक्या मजकूरपाट्यांच्या आधाराने एकमेकांशेजारी येतात. कोणती पद्धत मागासलेली हे चित्रपट सांगत नाही. प्रत्येक ठिकाणी किती हात लागतात आणि ते हात एकमेकांशी कसे बांधलेले असतात, हे प्रेक्षकाला स्वतः पाहावे लागते.

हात कामातून दूर होत असताना डोळाही दूर होत आहे, हे त्यांनी २००० ते २००३ या काळातील ‘आय/मशीन’ या तीन भागांच्या मालिकेत मांडले. माणसाने पाहण्यासाठी नव्हे, तर यंत्राला एखादी क्रिया पार पाडता यावी म्हणून निर्माण होणाऱ्या प्रतिमांना त्यांनी ‘कार्यकारी प्रतिमा’ म्हटले. क्षेपणास्त्राला लक्ष्य दाखवणाऱ्या प्रतिमा हे त्याचे ठळक उदाहरण.

सहकारी कलावंत आंत्ये एहमान यांच्यासह २०११पासून त्यांनी राबवलेला ‘एका शॉटमध्ये श्रम’ हा प्रकल्प या विचाराची परिणती होय. बंगळूरू, कैरो, हनोई, लिस्बन, मेक्सिको सिटी अशा १५ शहरांतील कार्यशाळांत सहभागी होणाऱ्यांना एकच नियम होता : एक ते दोन मिनिटांचे काम, मध्ये एकही काप न देता टिपायचे. काप नसल्यामुळे कंटाळवाणा भाग गाळण्याची सोय राहत नाही. त्यामुळे हे काम नेमके कोठे सुरू होते आणि कोठे संपते, याचा निर्णय टिपणाऱ्याला आधीच घ्यावा लागतो, आणि त्यासाठी करणाऱ्याचे हात बराच वेळ पाहत थांबावे लागते. फारोकींनी मागे ठेवलेला खरा वारसा त्या थांबण्यात आहे, कारण ज्याचे काम कोणी इतक्या लक्षपूर्वक पाहिले, तो फाटकातून बाहेर पडताना केवळ गर्दीचा भाग उरत नाही.