मण्यार नाईट शिफ्टला, धामण डे शिफ्टला!

बोईसर-तारापूरच्या एमआयडीसीत फर्स्ट, सेकंड, नाईट अशा शिफ्टा चालतात. मनोरच्या सापांचंही तसंच आहे, फक्त पंचिंग नाही!

डे शिफ्टची स्टार धामण. भर दुपारी बांधावरून सुसाट जाते, उंदरांचा फडशा पाडते आणि बक्षीस काय? 'नाग, नाग' करत काठी! अहो, नागाच्या फण्यावर मागे दहाचा आकडा असतो. धामणीला फणाच नाही, आकडा कुठून आणणार?

माहीत आहे का? दोन धामणी एकमेकींना वेटोळे घालून उभ्या दिसल्या, की गावभर रोमान्सची ब्रेकिंग न्यूज होते. प्रत्यक्षात ते बहुतेक वेळा दोन नर असतात आणि चालू असते कुस्ती.

नाईट शिफ्टचा बॉस मात्र मण्यार. दिवसा इतका गरीब, की डिवचला तर वेटोळ्यात डोकं खुपसून बसतो. रात्री गडी बदलतो! जमिनीवर अंथरूण टाकून झोपलेल्या माणसाला चावतो. चावा अनेकदा दुखत नाही, सूजही फारशी येत नाही. पहाटे पोटात कळा, पापण्या जड, आणि घरचे विचारतात, "काल काय खाल्लंस?" म्हणून पावसाळ्यात खाट हवी आणि मच्छरदाणी गादीखाली नीट खोचलेली हवी.

मण्याराचा डुप्लिकेटही आहे बरं का! नाव कवड्या, विष नाही, ड्युटी तीच रात्रीची. फरक कसा ओळखाल? कवड्याचे पट्टे मानेकडे ठसठशीत, शेपटीकडे पुसट. मण्याराचे नेमके उलटे. अर्थात टॉर्चच्या उजेडात पट्टे मोजत बसू नका. लांबूनच वन विभागाचा 1926 फिरवा.

घोणस दिसली, की कुणीतरी हमखास म्हणतं, "अजगराचं पिल्लू!" आणि मोबाईल पुढे सरसावतो. थांबा! पाठीवर गोल-लंबगोल ठिपक्यांच्या साखळीसारख्या तीन ओळी असतील, तर सेल्फी कॅन्सल. ही बाई अंडी घालत नाही, थेट पिल्लंच देते.

आता थोडं हिरवं. पावसाळा सरला, की गवतकापणी सुरू. हातात विळा, झुडपात चापडा! रंग पानासारखा, डोकं त्रिकोणी, दिवसभर फांदीवर ढिम्म. आपल्याकडचं सर्पदंशाचं इंजेक्शन नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चौघांच्या विषापासून बनतं. चापडा त्या यादीतच नाही. दवाखाना तरीही गाठायचाच, आणि 108 आहेच.

आणि पहिल्या पावसात बाथरूमच्या जाळीतून वळवळत येणारं 'गांडूळ'? नीट बघा, चकाकतंय ना? तो वाळा, बोटभर लांबीचा बिनविषारी साप. मुंग्या-वाळवीची अंडी खातो. खातो कसला, खाते! वाळ्यात नर सापडतच नाहीत. सगळ्या माद्या, नराशिवायच अंडी घालतात.