पाठीमागचा वारा

वारा पाठीशी असला की शिडाची होडी सुखात, हा समज फसवा आहे. कमांडर दिलीप दोंदे यांनी २००९-१० मध्ये ‘म्हादेई’ या शिडाच्या होडीतून एकट्याने पृथ्वीप्रदक्षिणा केली; त्या वाटेवरच्या दक्षिण महासागरात पूर्वेकडे जाणाऱ्या होडीला पश्चिमेचे वारे बहुधा मागूनच येतात. अशा वेळी लाटेने होडीचे तोंड जरासे वळले, तरी वारा शिडाच्या उलट बाजूने भरतो आणि बूम, म्हणजे शिडाखालचा आडवा दांडा, सपकन पलीकडे जातो. डोके फुटते, डोलकाठीसुद्धा मोडू शकते. म्हणून बूमच्या टोकापासून नाळेकडे दोर ताणून बांधतात. यावर आक्षेप असा, की शीड उलट्या वाऱ्यात अडकले तर होडी आडवी होईल. आक्षेप रास्त आहे, पण दोराचे दुसरे टोक सुकाणू धरणाऱ्याच्या हाताशी आणले, की तो वेळीच सैल करता येतो. शिवाय वारा नेमका पाठीवर न घेता थोडा तिरका घ्यावा. अंतर वाढेल, वाढू द्यावे.