ताणली जाणारी वीण

क्रोशाने रुमाल, तोरणे, फार तर टेबलक्लॉथ करावेत. अंगावर घालायचे ते दोन सुयांवरच विणावे, असा आमच्या गल्लीत पक्का समज आहे. तो खोटा ठरवायचा म्हणून गेल्या थंडीत मी आप्पांसाठी क्रोशाने स्वेटर करायला घेतला. पाठ, पुढा, बाह्या सगळे जमले. अडले ते मनगटापाशी. आप्पा पहाटे पाचला सायकलवरून कामावर जातात. बाहीचे तोंड हात सहज जाईल एवढे ठेवले तर वारा थेट कोपरापर्यंत. मनगटाएवढे केले तर हातच आत शिरेना. टेप लावून पाहिली. मनगट १७ सेंटिमीटर, अंगठा आत दुमडलेल्या हाताचा घेर २४. म्हणजे विणीने ७ सेंटिमीटर ताणले जावे आणि लगेच मागे यावे! साध्या खांबांकडून हे होत नाही.

का होत नाही? दोन सुयांच्या विणीतला टाका हा उघडा फास असतो. कापड ओढले की उभा फास आडवा रुंदावतो, सोडले की पुन्हा उभा राहतो. क्रोशाचा टाका मात्र खालच्या टाक्यातून येतो तसाच शेजारच्या टाक्यातूनही ओढलेला असतो. त्याला दोन्हीकडून कुलूप. म्हणून एक धागा तुटला तरी क्रोशाची वीण भराभर उसवत खाली जात नाही, आणि म्हणूनच ती फारशी ताणतही नाही.

मग ताण आणायचा घडीतून. पेटीचा भाता पाहा. त्याचा पुठ्ठा काही ताणत नाही. घड्या उलगडतात आणि मिटतात.

मनगटासाठी १२ साखळ्या घालाव्यात, वळायला एक जादा. पहिली ओळ मुक्या खांबांची. टाक्याच्या माथ्यावर वेणीसारखे दोन धागे दिसतात. एरवी सुई दोन्हींखालून जाते. दुसऱ्या ओळीपासून ती फक्त मागच्या, आपल्यापासून दूरच्या, धाग्याखालून घालावी. पुढचा धागा मोकळा राहतो आणि कापड तेथे मुडपते. प्रत्येक ओळीला काम उलटत असल्याने मुडप एकदा या अंगाला, एकदा त्या अंगाला पडते. हीच रिब.

यात १२ साखळ्या ही पट्टीची उंची, घेर नव्हे. घेर ओळींनी वाढतो. मी पहिल्यांदा नेमके उलटे केले. पट्टी हातावर लांब होई, रुंद काही होईना. शेजारच्या अक्कांनी ती हातात घेतली आणि म्हणाल्या, "अगं, भाता आडवा धरलीस की!" सगळे उसवले.

पट्टी न ताणता १५ सेंटिमीटर भरली की दोन्ही टोके जोडावीत आणि कडेला ओळीमागे एक मुका खांब घेऊन बाही वर चालवावी. जोड सैल हवा. तो आवळला तर बाकीची मेहनत फुकट.

याहून ताणणारी रीत हवी असेल तर मुक्या खांबाऐवजी नुसता सरकता टाका घ्यावा. धागा खालच्या टाक्यातून आणि सुईवरच्या टाक्यातून एकदमच ओढून काढायचा. सुई एक-दोन नंबर मोठी लागते आणि वेळही फार जातो. स्कॉटलंडच्या एलिझाबेथ ग्रँट यांनी आपल्या आठवणींत 1812 सालच्या प्रसंगात 'मेंढपाळांचे विणकाम' म्हणून जे सांगितले आहे, ते याच जातीचे समजतात. खांबाला पुढून-मागून वळसा घालूनही रिब होते. दिसते झोकदार, पण जाड होते आणि ताणते कमी. टोपीला ठीक.

धागा मात्र लोकरीचाच घ्या. लोकरीच्या तंतूला मुळातच कुरळेपणा असतो, तो पट्टीला मागे खेचतो. सुती धागा ताणला की तसाच राहतो. ॲक्रिलिक चालेल, पण त्यावर गरम इस्त्री फिरवू नये. माझी एक पट्टी त्यात कायमची सैल पडली. ती आता चहाच्या किटलीच्या मुठीवर आहे.

स्वेटरला तिसऱ्या खेपेस केलेली मनगटे बसली. आता आप्पा गळ्यालाही तशीच पट्टी मागताहेत. डोक्याचा घेर ५७, मानेचा ३९. अक्कांना विचारल्याशिवाय साखळी घालणार नाही.